दहा जणांचं राष्ट्रीय सरकार

राजीनामा द्यायला राजवाड्यावर गेलेला पंतप्रधान नव्या सरकारचा पंतप्रधान होऊन बाहेर पडतो आणि कालपर्यंत त्याच्या शेजारी बसणारे बहुतेक मंत्री समोरच्या बाकांवर जाऊन बसतात, असं संसदीय राजकारणात सहसा होत नाही. ब्रिटनमध्ये ते २४ ऑगस्ट १९३१ रोजी झालं. रॅम्से मॅक्डोनाल्ड यांचं मजूर पक्षाचं सरकार रविवारी रात्री मोडलं आणि सोमवारी त्यांच्याच नेतृत्वाखाली 'राष्ट्रीय सरकार' उभं राहिलं. मंत्रिमंडळ अवघं दहा जणांचं : चार मजूर पक्षाचे, चार हुजूर पक्षाचे, दोन उदारमतवादी. ५ नोव्हेंबरला त्याची जागा दुसऱ्या, वीस जणांच्या मंत्रिमंडळाने घेतली. म्हणजे आयुष्य ७३ दिवसांचं.

एवढ्या अल्पजीवी मंत्रिमंडळाकडे आज कशाला पाहायचं? एक तर त्याचं खातेवाटप फार बोलकं आहे. कोणाला कोणती खुर्ची दिली आणि कोणाला दाराबाहेर ठेवलं, यावरून त्या सरकारचा खरा हेतू कळतो. दुसरं म्हणजे याच ७३ दिवसांत लंडनमध्ये दुसरी गोलमेज परिषद भरली होती आणि या दहांतल्या एकाच्या घोषणेचे पडसाद मुंबईच्या सराफ बाजारात उमटले. पण आधी मूळ पेच समजून घ्यायला हवा, आणि तो पैशाचा होता.

१९२५ साली ब्रिटनने पौंड पुन्हा सोन्याशी बांधला. एका पौंडाला ४.८६ डॉलर हा पहिल्या महायुद्धापूर्वीचाच दर ठेवला. बँक ऑफ इंग्लंडमध्ये नोटा घेऊन जावं आणि ठरलेल्या भावाने सोनं मागावं, हा हक्क कायद्याने दिलेला होता. मात्र सोनं मिळे ते सुमारे चारशे औंसांच्या विटेतच. अशा एका विटेची किंमत जवळजवळ सतराशे पौंड, त्यामुळे सामान्य माणूस त्या वाटेला जाणं शक्यच नव्हतं. हा व्यवहार बँका, पेढ्या आणि परदेशी ठेवीदारांचा. जोवर पौंडावर सगळ्यांचा विश्वास होता, तोवर कोणी विटा मागायला येत नव्हतं. विश्वास उडाला की सगळे एकदम येणार, हे उघड होतं.

तो उडायला १९३१ च्या मे महिन्यात सुरुवात झाली, तीही लंडनपासून दूर, व्हिएन्नात. क्रेडिटआन्श्टाल्ट ही ऑस्ट्रियातली सर्वांत मोठी बँक डबघाईला आली. ते लोण जुलैत जर्मनीत पोचलं. लंडनच्या पेढ्यांनी जर्मनीत कर्जं देऊन ठेवली होती. ती गोठली. आता लंडनचेच पैसे अडकलेत म्हटल्यावर परदेशी ठेवीदारांनी लंडनमधून रकमा काढायला सुरुवात केली. आणि नेमका याच वेळी, ३१ जुलैला, सर जॉर्ज मे यांच्या समितीचा अहवाल प्रसिद्ध झाला. मे हे प्रुडेन्शियल विमा कंपनीतून निवृत्त झालेले गृहस्थ. अंदाजपत्रकात १२ कोटी पौंडांची तूट येणार असून खर्चात साडेनऊ कोटींहून अधिक कपात करावी, असं समितीने म्हटलं. त्यातला सगळ्यात मोठा घास बेकारांच्या ताटातला होता. बेकारभत्ता वीस टक्क्यांनी कमी करा, ही त्यातली शिफारस. अहवाल छापून सरकारने पार्लमेंटला सुट्टी दिली आणि मंत्री गावोगाव पांगले. परदेशी ठेवीदारांच्या तोंडचं पाणी पळवायला याहून चांगला मुहूर्त सापडला नसता.

सरकारची अडचण दुहेरी होती. मजूर पक्षाला १९२९ च्या निवडणुकीत २८७ जागा मिळाल्या होत्या, हुजूर पक्षाला २६०, उदारमतवाद्यांना ५९. म्हणजे सर्वांत मोठा पक्ष खरा, पण बहुमत नाही. उदारमतवाद्यांच्या टेकूवर कारभार चालायचा. शिवाय सत्तेवर आला तेव्हा अकरा-बारा लाखांवर असलेला बेकारांचा आकडा दोन वर्षांत सत्तावीस लाखांच्या घरात गेला होता. ज्यांच्या मतांवर पक्ष उभा राहिला, त्यांच्याच भत्त्याला हात लावायचा कसा?

बँक ऑफ इंग्लंडने न्यूयॉर्क आणि पॅरिसहून पाच कोटी पौंड उसने आणले होते, तेही ऑगस्टच्या तिसऱ्या आठवड्यापर्यंत संपत आले. नवं कर्ज हवं तर अंदाजपत्रक सावरणारी ठोस कपात दाखवा, असा सावकारांचा सूर होता. मंत्रिमंडळाने ५ कोटी ६० लाख पौंडांच्या कपातीला कसाबसा होकार दिला. तेवढ्याने भागेना. घोडं अडलं ते बेकारभत्त्यातल्या दहा टक्क्यांवर.

रविवार, २३ ऑगस्टची संध्याकाळ. एकवीस मंत्री १०, डाउनिंग स्ट्रीटमध्ये जमले होते आणि न्यूयॉर्कच्या जे. पी. मॉर्गन पेढीच्या तारेची वाट पाहत होते. प्रश्न एवढाच होता की दहा टक्के कपात केली तर कर्ज मिळेल का. तार येईना, तेव्हा मंत्री उठून मागच्या बागेत फेऱ्या मारू लागले. जगातल्या सर्वांत मोठ्या साम्राज्याचं मंत्रिमंडळ एका खासगी पेढीच्या निरोपासाठी बागेत ताटकळत उभं आहे, हे चित्र मजूर पक्ष पुढे कधीच विसरला नाही. रात्री नवाच्या सुमारास बँकेचे उपगव्हर्नर सर अर्नेस्ट हार्वी तार घेऊन आले. गव्हर्नर माँटेग्यू नॉर्मन आजारी असल्याने कारभार हार्वींकडे होता. तारेतलं उत्तर धड हो नव्हतं, धड नाही नव्हतं. बँक ऑफ इंग्लंड आणि लंडनच्या वित्तजगताचा या योजनेला मनापासून पाठिंबा आहे का, असं उलट विचारलं होतं. पंतप्रधानांनी एकेकाचं मत घेतलं. नऊ जणांनी दहा टक्क्यांना ठाम नकार दिला. त्यांत आर्थर हेंडरसन, विल्यम ग्रॅहम, जॉर्ज लान्सबरी, आर्थर ग्रीनवुड असे वजनदार लोक होते. बहुमत कपातीच्या बाजूने होतं, पण एवढे मंत्री बाहेर पडले तर सरकार राहणार नाही, हे सगळ्यांना कळत होतं. सगळ्यांचे राजीनामे राजाच्या हाती देण्याचं ठरवून मॅक्डोनाल्ड राजवाड्याकडे निघाले.

इथून पुढचा भाग समजायला ब्रिटनची एक रीत लक्षात ठेवावी लागते. पंतप्रधान कोणी व्हावं हे तिथे कोणत्याही कायद्यात लिहिलेलं नाही. लोकसभेत ज्याचं सरकार टिकेल त्याला राजाने बोलवायचं, एवढीच परंपरा. पंचम जॉर्ज बालमोरलची सुट्टी सोडून त्याच दिवशी सकाळी लंडनला परतले होते. त्यांनी रविवारी आधी उदारमतवाद्यांचे हर्बर्ट सॅम्युएल यांना आणि मग हुजूर पक्षाचे स्टॅन्ली बाल्डविन यांना बोलावून घेतलं. सॅम्युएल यांचा सल्ला चतुर होता. कपात कामगारांच्या अंगावर पडणार, तर ती कामगारांच्याच पक्षाचा पंतप्रधान राहून झालेली बरी. बाल्डविन यांना आघाडी सरकारांचा मनस्वी तिटकारा. १९२२ साली लॉइड जॉर्ज यांचं आघाडी सरकार पाडण्यात ते स्वतः पुढे होते. पण राजाने थेट विचारल्यावर ते नाही म्हणू शकले नाहीत. सोमवारी सकाळी दहा वाजता तिन्ही नेते बकिंगहॅम राजवाड्यात राजासमोर बसले आणि सरकार ठरलं.

राजाने आपली मर्यादा ओलांडली का, यावर इंग्लंडमध्ये आजवर बरंच लिहिलं गेलं आहे. माझ्या मते ओलांडली नाही, पण ती रेघ पुरती पायाखाली होती. मॅक्डोनाल्ड यांना आपल्या पक्षाचा पाठिंबा आहे की नाही, हे न विचारता त्यांनाच राहण्याचा आग्रह करणं ही साधी गोष्ट नव्हे.

हे सगळं एका दिवसात जमलं त्यामागे एक जुना अडसर दूर झाल्याचाही हात होता. पूर्वी लोकसभेचा सदस्य मंत्री झाला की त्याला आपल्या मतदारसंघात पुन्हा निवडून यावं लागे. तो नियम १९१९ साली सैल केला गेला आणि १९२६ साली पुरता रद्द झाला. तो असता, तर नव्या मंत्र्यांना ऐन पेचप्रसंगात पोटनिवडणुका लढवत फिरावं लागलं असतं आणि तोवर बँकेची तिजोरी रिकामी झाली असती.

आता खुर्च्यांकडे वळू. जाहीर निवेदनात म्हटलं होतं की ही नेहमीच्या अर्थाने आघाडी नाही. एका कामापुरतं हे सहकार्य आहे, काम झालं की पक्ष आपापल्या जागी परत जातील. या कामापुरतेपणाच्या खुणा खातेवाटपात जागोजाग दिसतात.

सर्वांत महत्त्वाची खुर्ची अर्थमंत्र्यांची. ती फिलिप स्नोडन यांच्याकडेच राहिली. यॉर्कशरमधल्या विणकराचा हा मुलगा. ऐन तारुण्यात मणक्याला इजा झाली, तेव्हापासून दोन काठ्यांच्या आधाराने चालायचा. काटक, कडवट, जिभेला धार, आणि सरकारने ऐपतीपलीकडे खर्च करू नये यावर एखाद्या कर्मठाची असावी तशी श्रद्धा. कपात समाजवाद्याच्या हातून झाली की हुजूर पक्षावर गरिबांचं ताट ओढल्याचा आरोप येत नव्हता. स्नोडन यांचा आणखी एक उपयोग होता. ते खुल्या व्यापाराचे कट्टर पुरस्कर्ते. आयात मालावर जकात बसवावी ही हुजूर पक्षाची जुनी मागणी, आणि तिला उदारमतवाद्यांचा तितकाच जुना विरोध. तिजोरीच्या किल्ल्या स्नोडन यांच्याकडे आहेत तोवर जकात येत नाही, ही उदारमतवाद्यांना मिळालेली हमी होती. समतोल म्हणून व्यापार मंडळाचं अध्यक्षपद जकातवादी फिलिप कन्लिफ-लिस्टर यांना दिलं. एकाच टेबलाच्या दोन टोकांना दोन विरुद्ध मतं बसवली आणि वादाचा विषयच काढायचा नाही असं ठरलं.

मजूर पक्षाच्या बाकीच्या दोघांपैकी जे. एच. थॉमस हे इंजिनावर काम करून वर आलेले, रेल्वे कामगारांचे पुढारी. त्यांच्याकडे डोमिनियन आणि वसाहती ही खाती आली. या निर्णयापायी त्यांनी आपल्या संघटनेतलं पद गमावलं आणि निवृत्तिवेतनही. दुसरे लॉर्ड सँकी, कायदेपंडित, लॉर्ड चॅन्सेलर. लक्षात घेण्यासारखी गोष्ट अशी की रविवारी रात्री कपातीला हो म्हणणाऱ्या मंत्र्यांपैकीही बहुतेक जण सोमवारी मॅक्डोनाल्ड यांच्याबरोबर गेले नाहीत. कपात मान्य असणं वेगळं आणि विरोधकांच्या मांडीला मांडी लावून बसणं वेगळं. लोकसभेतले जेमतेम डझनभर मजूर सदस्य पंतप्रधानांमागे राहिले. हा राष्ट्रीय सरकारचा खरा कच्चा दुवा. मजूर पक्षाच्या नावावर चार खुर्च्या होत्या, पण मागे पक्ष नव्हताच.

हुजूर पक्षाची पाळी आली तेव्हा बाल्डविन यांनी खातं मागितलंच नाही. लॉर्ड प्रेसिडेंट ऑफ द कौन्सिल हे मानाचं, जवळजवळ बिनकामाचं पद घेऊन ते पंतप्रधानांच्या शेजारी बसले. दोनदा पंतप्रधान झालेला, लोकसभेतल्या अडीचशेहून अधिक सदस्यांचा नेता, स्वतः दुय्यम जागा घेतो. यात साधेपणा किती आणि हिशेब किती, हे ज्याचं त्याने ठरवावं. नेव्हिल चेंबर्लेन यांच्याकडे आरोग्य खातं गेलं. नावावरून ते दवाखान्यांचं वाटेल, पण त्या काळी स्थानिक स्वराज्य संस्था, घरबांधणी आणि गरिबांना मदत हा सगळा पसारा याच खात्याकडे होता. भत्ता बंद झालेला माणूस शेवटी स्थानिक समितीच्या दारात जाणार, आणि त्या समित्यांची सूत्रं आरोग्यमंत्र्यांकडे. नोव्हेंबरपासून घरात कोण किती कमावतं याची चौकशी करून भत्ता ठरवण्याची पद्धत सुरू झाली. मुलीला गिरणीत चार पैसे मिळतात म्हणून बापाचा भत्ता कापला जायचा. इंग्लंडच्या कामगार वस्त्यांत या चौकशीची चीड पुढे कित्येक वर्षं टिकली.

चौथे सर सॅम्युएल होर, भारतमंत्री. त्यांच्याकडे पुन्हा येऊ.

उदारमतवाद्यांचे दोघे. हर्बर्ट सॅम्युएल गृहमंत्री झाले. १९१६ मध्येही ते गृहमंत्री होते, आणि पुढे पॅलेस्टाइनचे पहिले ब्रिटिश हाय कमिशनर. पक्षाचे खरे नेते लॉइड जॉर्ज, पण ते जुलैअखेर झालेल्या शस्त्रक्रियेनंतर अंथरुणाला खिळले होते. ते हिंडते-फिरते असते तर हे सरकार याच रूपात झालं असतं असं मला वाटत नाही. परराष्ट्रमंत्री लॉर्ड रेडिंग. यांची कथा कादंबरीत शोभावी अशी. मूळ नाव रुफस आयझॅक्स, लंडनच्या स्पिटलफिल्ड्समधल्या फळव्यापाऱ्याचा मुलगा. पोरवयात जहाजावर पोऱ्या म्हणून काम करताना कलकत्त्याला येऊन गेला होता. १९२१ साली त्याच देशात तो व्हाइसरॉय म्हणून उतरला. मधल्या काळात इंग्लंडचा सरन्यायाधीशही होऊन गेला. सत्तराव्या वर्षी, ६ ऑगस्ट १९३१ ला, त्याने दुसरं लग्न केलं आणि अठरा दिवसांत परराष्ट्र खातं गळ्यात पडलं. १८ सप्टेंबरला जपानी सैन्याने मांचुरियात मुसंडी मारली, म्हणजे नव्या नवरदेवाला उसंत कशी ती मिळाली नाही.

बाहेर कोण राहिलं, तेही पाहण्याजोगं आहे. विन्स्टन चर्चिल यांनी हिंदुस्थानला सवलती देण्याच्या प्रश्नावर जानेवारीतच बाल्डविन यांच्याशी काडीमोड घेतला होता, त्यांना कोणी विचारलं नाही. ऑस्टिन चेंबर्लेन यांना आरमार खातं दिलं, पण मंत्रिमंडळात जागा नाही. युद्ध, हवाई दल, शिक्षण, शेती, कामगार ही खाती सांभाळणारे मंत्रीही मंत्रिमंडळाच्या बाहेर. दहा जणांत निर्णय झटपट होतील हा त्यामागचा विचार. त्याची किंमत तीन आठवड्यांत मोजावी लागली.

मंत्रिमंडळ होताच २८ ऑगस्टला न्यूयॉर्क आणि पॅरिसने मिळून आठ कोटी पौंडांचं कर्ज दिलं. ८ सप्टेंबरला लोकसभेत सरकारने साठेक मतांनी विश्वास जिंकला. १० तारखेला स्नोडन यांनी आणीबाणीचं अंदाजपत्रक मांडलं. प्राप्तिकर पौंडामागे साडेचार शिलिंगांवरून पाच शिलिंग. बेकार पुरुषाचा आठवड्याचा भत्ता १७ शिलिंगांवरून १५ शिलिंग ३ पेन्स. शिक्षकांचे पगार पंधरा टक्क्यांनी कमी. राजानेही आपल्या तनख्यातले ५० हजार पौंड सोडले.

आरमारात मात्र कात्री विचित्र चालली. कनिष्ठ दर्जाच्या जुन्या खलाशांचा रोज चार शिलिंगांवरून तीनवर आला, म्हणजे थेट पंचवीस टक्के. अधिकाऱ्यांना त्याहून पुष्कळ कमी झळ. स्कॉटलंडमधल्या इन्व्हरगॉर्डन बंदरात अटलांटिक ताफा उभा होता. अनेकांना पगार कमी झाल्याचं वरिष्ठांकडून कळण्याआधी वर्तमानपत्रातून कळलं. किनाऱ्यावरच्या कँटीनमध्ये सभा झाल्या आणि १५ सप्टेंबरच्या सकाळी मोठमोठ्या युद्धनौकांवरच्या खलाशांनी नांगर उचलायला नकार दिला. एका जहाजावर आरोळी उठली की दुसऱ्यावरून तिला साद यायची. रक्त सांडलं नाही, कोणाला इजा झाली नाही. पण ब्रिटिश आरमारात बंड ही बातमीच परदेशी ठेवीदारांना पुरेशी होती. सरकारने घाईघाईने कपात दहा टक्क्यांवर आणली, शिक्षकांचीही तितकीच केली, तोवर पुन्हा विटा बाहेर जाऊ लागल्या होत्या. आरमारमंत्री मंत्रिमंडळात असते तर हे आधी लक्षात आलं असतं का? सांगता येत नाही. पण विचारण्याजोगा प्रश्न आहे.

जुलैच्या मध्यापासून लंडनमधून वीस कोटी पौंडांहून अधिक रक्कम बाहेर गेली होती. दोन्ही कर्जं संपत आली. २० सप्टेंबरच्या रविवारी सरकारने जाहीर केलं आणि सोमवारी, २१ सप्टेंबरला, एका दिवसात कायदा करून पौंडाची सोन्याशी असलेली गाठ सोडली. जे वाचवायला हे सरकार जन्माला आलं, ते चार आठवड्यांत गेलं. आणि आभाळ कोसळलं नाही. पौंड ४.८६ डॉलरवरून घसरत वर्षअखेर साडेतीन डॉलरच्याही खाली आला, निर्यातदारांना उलट थोडा श्वास घेता आला. असंही करता येतं हे आम्हाला कोणी सांगितलंच नाही, अशी जुन्या मजूर मंत्र्यांची हळहळ इंग्लंडमध्ये अजून सांगितली जाते.

आता होर आणि हिंदुस्थान. या दहांपैकी निम्मे जण पहिल्या गोलमेज परिषदेच्या टेबलावर बसलेले होते. मॅक्डोनाल्ड तिचे अध्यक्ष, सँकी संघराज्य समितीचे प्रमुख, शिवाय थॉमस, रेडिंग आणि होर. मॅक्डोनाल्ड यांचा या देशाशी संबंध त्याहून जुना. १९१२ मध्ये हिंदी सरकारी नोकऱ्यांची चौकशी करायला नेमलेल्या इस्लिंग्टन आयोगावर गोपाळ कृष्ण गोखले आणि ते सहकारी होते. त्याच आयोगावर व्हॅलेंटाइन चिरोलही होते, ज्यांच्यावर टिळकांनी पुढे लंडनमध्ये खटला भरला.

दुसऱ्या परिषदेचे प्रतिनिधी निघाले तेव्हा लंडनमधलं चित्र पार बदलत होतं. डॉ. आंबेडकर ऑगस्टच्या मध्याला मुंबईहून बोटीने निघाले, ते मजूर पक्षाच्या सरकारशी बोलणी करायला. ते समुद्रावर असतानाच सरकार बदललं आणि भारतमंत्री वेजवुड बेन जाऊन होर आले. गांधीजी १२ सप्टेंबरला लंडनला पोचले, तेव्हा समोर हुजूर पक्षाचा मंत्री होता आणि सगळं मंत्रिमंडळ पौंडाच्या चिंतेत बुडालेलं. परिषदेत फार काही हाती लागलं नाही, त्याचं हेही एक कारण.

२१ सप्टेंबरला तर कळस झाला. पौंड सोन्यापासून सुटल्यावर रुपयाचं काय, हा प्रश्न होता. हिंदुस्थान सरकारच्या अर्थखात्याचे प्रमुख सर जॉर्ज शुस्टर यांनी वटहुकूम काढून ठरलेल्या दराने परकीय चलन विकण्याचं बंधन उठवलं. म्हणजे रुपया आपली पातळी शोधायला मोकळा. त्याच दिवशी लंडनमध्ये होर यांनी जाहीर केलं की रुपया एक शिलिंग सहा पेन्सच्या जुन्याच दराने पौंडाला बांधलेला राहील. हिंदुस्थान सरकारचं तोंड एकीकडे, भारतमंत्र्यांचं दुसरीकडे. व्हाइसरॉय विलिंग्डन संतापले, पण चाललं लंडनचंच, आणि तीन दिवसांत पहिला वटहुकूम मागे घेऊन दुसरा काढावा लागला. मुंबईच्या व्यापाऱ्यांचा या दराशी झगडा जुना होता. रुपया एक शिलिंग चार पेन्स असावा, असं पुरुषोत्तमदास ठाकूरदास यांनी १९२६ च्या चलन आयोगाच्या अहवालाला जोडलेल्या भिन्नमतपत्रिकेत मांडलं होतं. १९३१ मध्ये ते स्वतः गोलमेज परिषदेला होते.

परिणाम सोप्या भाषेत असा. रुपया पौंडाबरोबर घसरला, म्हणून रुपयात सोन्याचा भाव चढला. एकवीस-बावीस रुपये तोळा असलेलं सोनं वर्ष संपेस्तोवर तिसाच्या आसपास पोचलं. शेतमालाचे भाव मंदीत कोसळलेले, सावकार आणि सारा दारात उभे. खेड्यापाड्यांतून पाटल्या, गोठ, पुतळ्या मोडीत निघाल्या, मुंबईच्या झवेरी बाजारात आल्या आणि तिथून वितळून विटा होऊन बोटीने लंडनला गेल्या. पहिल्या दोन वर्षांतच शंभर कोटी रुपयांहून अधिक सोनं बाहेर गेलं. निर्यातीवर बंदी घाला, ही इथली मागणी सरकारने मानली नाही. पौंडाला सावरायला या सोन्याची चांगलीच मदत झाली. आपल्या गावचा विषय गावच्या वहीत शोधून सापडत नाही तो असा. नगर किंवा खानदेशातल्या एखाद्या घरातले दागिने १९३१-३२ मध्ये का विकले गेले, याचं अर्धं उत्तर लंडनच्या त्या दहा जणांच्या टेबलावर आहे.

इकडे लंडनमध्ये पौंडाची सोन्याशी असलेली गाठ सुटली, म्हणजे सरकारचं कामही संपलं होतं. पक्षांनी आपापल्या जागी परत जायला हवं होतं. हुजूर पक्षाला मात्र निवडणुकीचा वास लागला होता. उदारमतवादी नाखूश, कारण निवडणूक म्हणजे जकातीचा प्रश्न येणारच. शेवटी प्रत्येक पक्षाने आपला जाहीरनामा वेगळा काढावा आणि वर मॅक्डोनाल्ड यांनी सर्वांच्या वतीने कौल मागावा, अशी तोड निघाली. मजूर पक्षाने मॅक्डोनाल्ड आणि साथीदारांना सप्टेंबरअखेर काढून टाकलं होतं. २७ ऑक्टोबरला मतदान झालं. राष्ट्रीय सरकारच्या बाजूने साडेपाचशेहून अधिक जागा, त्यांपैकी सुमारे ४७० एकट्या हुजूर पक्षाच्या. मजूर पक्ष २८७ वरून पन्नाशीवर आला. हेंडरसनही पडले.

५ नोव्हेंबरच्या वीस जणांच्या मंत्रिमंडळात अकरा हुजूर होते. नावापुरते पंतप्रधान मॅक्डोनाल्डच राहिले. अर्थखात्यात चेंबर्लेन आले, रेडिंग बाहेर पडले आणि परराष्ट्र खात्यात सर जॉन सायमन आले. हिंदुस्थानात काळे झेंडे पाहून गेलेले सायमन हे हेच. चिरोलवरच्या खटल्यात टिळकांची बाजू लंडनच्या कोर्टात त्यांनीच मांडली होती. सप्टेंबर १९३२ मध्ये जकातीच्या ओटावा करारावरून स्नोडन आणि सॅम्युएल दोघांनी राजीनामे दिले. होर यांनी भारतमंत्री म्हणून १९३५ चा हिंदुस्थान सरकार कायदा पार्लमेंटमधून नेला. त्याच वर्षी ते परराष्ट्रमंत्री झाले आणि अबिसिनियाच्या प्रश्नावर फ्रान्सशी केलेल्या गुप्त मसलतीमुळे ते पद त्यांनी गमावलं. थॉमस १९३६ मध्ये अंदाजपत्रकातली गुपितं फोडल्याच्या प्रकरणात बुडाले. मॅक्डोनाल्ड नोव्हेंबर १९३७ मध्ये बोटीच्या प्रवासात वारले. नंतर हवाईमंत्री झालेल्या कन्लिफ-लिस्टर यांच्या कारकिर्दीत स्पिटफायर विमानांची मागणी नोंदवली गेली, ही या दहांच्या खात्यावरची सर्वांत टिकाऊ जमा म्हणावी लागेल.

'राष्ट्रीय' ही पाटी मे १९४० पर्यंत टिकली. चर्चिल यांनी तेव्हा पाच जणांचं युद्ध मंत्रिमंडळ केलं, त्यात १९३१ च्या दहांपैकी एकटे नेव्हिल चेंबर्लेन होते. त्याच टेबलावर आर्थर ग्रीनवुडही बसले, २३ ऑगस्टच्या रात्री दहा टक्क्यांना नाही म्हणालेल्या नऊ जणांपैकी एक.